पेनसिल्व्हेनियाचं लायसन्स पुलापलीकडे चालत नाही

पत्र थोडक्यात असं आहे. लिहिणारे गृहस्थ त्रेचाळीस वर्षांचे, पेनसिल्व्हेनियात फिलाडेल्फियाच्या पश्चिमेला एक्स्टन भागात राहतात, मागच्या वर्षी ग्रीन कार्ड झालं. घरी बायको, पंधरा वर्षांचा मुलगा, नुकताच एच-वन-बी या नोकरीच्या व्हिसावर आलेला मेव्हणा, आणि सध्या पुण्याहून सहा महिन्यांसाठी आलेली आई. गणपतीत सगळे मंडळाच्या कार्यक्रमाला गेले असताना तीन घरं सोडून राहणाऱ्या एका मराठी कुटुंबाचं घर फुटलं, लग्नातलं सगळं सोनं गेलं. तेव्हापासून यांना झोप नाही. हँडगन घेऊन कन्सील्ड कॅरीचं लायसन्स काढायचं, म्हणजे पिस्तूल कपड्याखाली जवळ बाळगायचं, असं यांच्या मनात आहे. ऑफिस शेजारच्या न्यू जर्सी राज्यात प्रिन्स्टनला, आठवड्यातून दोनदा गाडीने जावं लागतं, तेव्हाही बरोबर ठेवायचा विचार आहे. डॅलसचा मित्र म्हणतो, आमच्याकडे तर लायसन्सच लागत नाही, तू कसला एवढा विचार करतोस. बायकोचा ठाम नकार आहे, दोन आठवडे घरात धड बोलणं नाही. शेवटी लिहिलंय, "कायद्याने परवानगी असेल तर त्यात चुकीचं काय? आणि उद्या काही झालं आणि मी नुसता बघत उभा राहिलो तर?"

तुमचं शेवटचं वाक्य मी परत परत वाचलं. आधी त्याबद्दलच लिहिते, कायदा नंतर. परक्या देशात आपलं घर आपल्याला सांभाळता येईल का, ही भीती खरी आहे आणि ती वाटते म्हणून तुम्ही घाबरट ठरत नाही. मी बावीस वर्षं इथे आहे. 2017 मध्ये कॅन्ससमधल्या ओलेथला एका भारतीय इंजिनिअरला बारमध्ये गोळी घातली आणि त्याआधी मारणारा ओरडला होता की माझ्या देशातून चालते व्हा, ती बातमी आली त्या आठवड्यात आमच्या घरातही हाच विषय निघाला होता. त्यामुळे तुम्हाला असं वाटणंच चूक आहे वगैरे मी सांगणार नाही.

पण एक साधा प्रश्न विचारते. शेजाऱ्यांचं घर फुटलं तेव्हा घरात कोण होतं? कोणीच नव्हतं, सगळे आरतीला होते. म्हणजे ज्या घटनेने तुमची झोप उडाली तिथे शेजाऱ्यांच्या कमरेला पिस्तूल असतं तरी काही फरक पडला नसता, आणि ते कपाटात असतं तर सोन्याबरोबर तेही गेलं असतं. चोराला काय हवं होतं? सोनं. आपल्या लोकांच्या घरात सोनं असतं आणि सणाच्या दिवशी घर रिकामं असतं हे त्यांना पक्कं माहीत असतं. काही वर्षांपूर्वी जॉर्जिया, न्यूयॉर्क, मिशिगन आणि टेक्ससमध्ये भारतीय आणि आशियाई कुटुंबंच हेरून बंदुकीच्या धाकावर लुटणारी एक टोळी पकडली गेली, तिच्या म्होरक्या बाईला 2019 मध्ये 37 वर्षांची शिक्षा झाली. तीही घरातल्या पैशासाठी आणि दागिन्यांसाठीच यायची. तेव्हा पहिलं काम म्हणजे चोराला घरात यायचं कारणच ठेवू नका. सोनं बँकेच्या लॉकरमध्ये हलवा. होमओनर्स इन्शुरन्सची पॉलिसी काढून बघा, साध्या पॉलिसीत दागिन्यांच्या चोरीला बऱ्याचदा दीड हजार डॉलरचीच मर्यादा असते, म्हणजे एका मंगळसूत्राचेही पैसे नाहीत, त्यासाठी दागिन्यांची यादी करून वेगळं कव्हर घ्यावं लागतं. आणि लॉकरमधल्या वस्तूंना बँकेच्या ठेवींसारखं एफडीआयसीचं, म्हणजे सरकारी ठेव-विम्याचं, संरक्षण नसतं, त्यामुळे लॉकर घेतलं तरी ते कव्हर हवंच. दाराच्या चौकटीतली कडीची पट्टी बहुतेक घरांत अर्ध्या-पाऊण इंचाच्या स्क्रूवर असते, एका लाथेत उघडते, तिथे तीन इंची स्क्रू मारा, मागच्या सरकत्या दाराच्या खाचेत लाकडी दांडा टाका. आणि कार्यक्रमाचे फोटो घरी आल्यावर टाका. हे सगळं एका शनिवारात होतं.

आता लायसन्स. आपण भारतातून येतो, तिथे शस्त्रांचा कायदा एकच, 1959 चा आर्म्स ॲक्ट, पुण्यात पोलीस आयुक्तांकडे अर्ज करा नाहीतर जिल्ह्यात कलेक्टरकडे, कायदा तोच. त्यामुळे आपल्या डोक्यात असं बसलेलं असतं की लायसन्स म्हणजे लायसन्स, ड्रायव्हिंग लायसन्ससारखं, एका राज्याचं काढलं की सगळीकडे चालेल. इथे तसं नाहीये. प्रत्येक राज्याचा कॅरीचा नियम वेगळा आणि दुसऱ्या राज्याचा परवाना मानायचा की नाही हेही ते राज्यच ठरवतं.

तुमच्याच रस्त्याचं बघा. पेनसिल्व्हेनियात काउंटीचा, म्हणजे जिल्ह्याचा, शेरीफ परवाना देतो, वय 21 लागतं, फी 20 डॉलर, पाच वर्षं चालतो, शेरीफला निर्णयाला 45 दिवसांची मुदत असते, ग्रीन कार्डवाल्यालाही मिळू शकतो आणि ट्रेनिंगची सक्ती नाही. इतकं सोपं. मग तुम्ही टर्नपाइकने, म्हणजे टोलच्या महामार्गाने, डेलावेअर नदीचा पूल ओलांडता आणि न्यू जर्सीत शिरता. न्यू जर्सी दुसऱ्या कुठल्याही राज्याचा परवाना मानत नाही. तोच खिशातला कागद, तेच पिस्तूल, आणि पुलाच्या या टोकाला तो सेकंड डिग्रीचा गुन्हा आहे, पाच ते दहा वर्षं, आणि बंदुकीच्या गुन्ह्यांना किमान शिक्षा ठरवणाऱ्या तिथल्या ग्रेव्हज ॲक्टमुळे साधारणपणे त्यातली किमान साडेतीन वर्षं पॅरोल न मिळता आत काढावी लागतात.

हे नुसतं पुस्तकातलं नाही. 2013 मध्ये फिलाडेल्फियाची एक तरुण आई, दोन लहान मुलांची, स्वतः लुटली गेली म्हणून रीतसर पिस्तूल आणि पेनसिल्व्हेनियाचा परवाना घेतलेली, न्यू जर्सीत अटलांटिक काउंटीत साध्या ट्रॅफिक स्टॉपला थांबवली गेली. तिने स्वतःहून पोलिसाला सांगितलं की माझ्याकडे पिस्तूल आहे आणि हे लायसन्स. तिला वाटलं प्रामाणिकपणे सांगितलं की झालं. तिला अटक झाली, तुरुंगात दिवस काढावे लागले, कित्येक महिने साडेतीन वर्षांची टांगती तलवार डोक्यावर होती, आणि शेवटी 2015 मध्ये न्यू जर्सीचे तेव्हाचे गव्हर्नर ख्रिस ख्रिस्ती यांनी माफी दिली तेव्हा प्रकरण संपलं. तुमच्यासारखीच भीती, तुमच्यासारखाच कायदा पाळायचा हेतू, आणि तुम्ही आठवड्यातून दोनदा जाता त्याच दिशेचा पूल.

आणि ती नागरिक होती, तुम्ही नाही आहात. पूर्ण पत्रात मला सगळ्यात जास्त काळजी वाटली ती याची, कारण तुम्ही त्याचा उल्लेखसुद्धा केला नाहीये. इमिग्रेशनच्या कायद्यात एक वेगळं कलम आहे, बंदूक बेकायदा विकत घेणं, ठेवणं, बाळगणं, वापरणं यासाठी शिक्षा झाली तर ग्रीन कार्डवाला माणूसही डिपोर्ट होऊ शकतो. मोठा गुन्हा असायलाच पाहिजे असं त्यात नाही, आणि गव्हर्नरची माफी काही गुन्ह्यांच्या बाबतीत डिपोर्टेशनमधून वाचवते तशी या कलमात वाचवत नाही. म्हणजे ती बाई शेवटी माफी घेऊन घरी गेली, तुमची केस तिथेच संपेल याची खात्री नाही. एवढी वर्षं रांगेत थांबून मिळालेलं कार्ड आहे हे. म्हणून शेरीफचा फॉर्म भरायच्या आधी एका चांगल्या इमिग्रेशन वकिलाला तासाभराचे पैसे द्या आणि हेच सगळं त्याच्यासमोर मांडा, मी वकील नाही, मी फक्त कुठे खड्डा आहे ते दाखवतेय.

तुम्ही म्हणाल मग न्यू जर्सीचंही काढतो. काढता येतं, बाहेरच्या राज्यातल्यालाही अर्ज करता येतो. जून 2022 च्या आधी ते जवळपास अशक्य होतं कारण तिथे तुम्हाला खास गरज सिद्ध करावी लागायची. मग सुप्रीम कोर्टाने न्यूयॉर्कच्या ब्रुएन खटल्यात सांगितलं की स्वसंरक्षणासाठी बाळगायला खास कारण मागता येणार नाही, आणि न्यूयॉर्क, न्यू जर्सी, मेरीलँड, मॅसॅच्युसेट्स, कॅलिफोर्निया, हवाई या सगळ्यांना नियम बदलावे लागले. पण त्यांनी दुसऱ्या बाजूने नियम घट्ट केले. न्यू जर्सीत डिसेंबर 2022 पासून फी 200 डॉलर, रेंजवर नेमबाजी करून दाखवायची, नात्यातले नसलेले आणि तीन वर्षं तरी ओळखणारे चार जण संदर्भासाठी द्यायचे, दोन वर्षांनी परत सगळं, आणि बंदूक नेता येणार नाही अशा जागांची लांबलचक यादी, त्यातल्या काही तरतुदींवर कोर्टात भांडण चालू आहे त्यामुळे अर्ज कराल त्या दिवशी यादी काय आहे ते परत बघावं लागेल. न्यूयॉर्कमध्ये तर सोळा तास वर्ग आणि दोन तास रेंज. आणि एवढं करून प्रिन्स्टनला पोचलात की ऑफिसच्या दारात काय? कंपनीची एचआर पॉलिसी वाचा, बहुतेक ठिकाणी इमारतीत शस्त्र आणलं तर सरळ नोकरी जाते. मग ते गाडीत राहणार, आणि गाडीतून बंदुका चोरीला जातात.

कोणीतरी तुम्हाला असंही सांगेल की 1986 च्या फेडरल कायद्याने प्रवासात बंदूक नेता येते. येते, पण रिकामी, कुलूपबंद पेटीत, हात पोचणार नाही अशी, आणि जिथून निघालात आणि जिथे चाललात त्या दोन्ही ठिकाणी ती बाळगायचा तुम्हाला हक्क असेल तरच. ऑफिसला जाताना कमरेला लावायला त्याचा काही उपयोग नाही.

डॅलसच्या मित्राचं म्हणणं त्याच्या राज्यापुरतं बरोबर आहे. टेक्ससमध्ये सप्टेंबर 2021 पासून 21 वर्षांवरच्या, बंदूक ठेवायचा हक्क असलेल्या माणसाला परवाना लागत नाही. व्हर्मॉन्टमध्ये कधीच लागत नव्हता, ॲरिझोनात 2010 पासून नाही, फ्लोरिडात 2023 पासून नाही, 2024 मध्ये लुइझियाना आणि साउथ कॅरोलायना आली तेव्हा अशी 29 राज्यं झाली. पण परवाना लागत नाही म्हणजे नियम नाहीत असं नव्हे, उलट नियम लक्षात ठेवायची सगळी जबाबदारी तुमच्यावर येते. टेक्ससमध्ये दुकानाबाहेर 30.06 असा आकडा असलेली पाटी इंग्रजी आणि स्पॅनिशमध्ये असली तर परवानाधारकाला तिथे लपवून नेता येत नाही, 30.07 असली तर त्याला उघड नेता येत नाही, परवाना नसलेल्यांना मनाई करायला 30.05 ची वेगळी पाटी असते, लाल अक्षरात 51% लिहिलेलं असेल तर ती दारूची जागा, तिथे नाहीच. देवळालासुद्धा पाटी लावून मनाई करता येते. आणि एक गोष्ट फार थोड्यांना माहीत असते, शाळेपासून हजार फुटांच्या आत बंदूक नेणं हा फेडरल गुन्हा आहे, त्यातून सूट त्याच राज्याने परवाना दिलेल्यांना आहे, म्हणजे परवान्याशिवाय बाळगणारा माणूस शाळेजवळच्या सिग्नलला थांबला तरी कागदावर तो अडकतो. टेक्सस म्हणूनच अजूनही परवाने देतं आणि समजूतदार लोक ते काढतात. तुमच्या मित्राला हे नक्की सांगा.

आता मेव्हणा. पत्रात त्याचा उल्लेख एका ओळीत आहे पण माझ्या मते त्याच्यापाशीच तुमचा सगळा बेत अडतो. एच-वन-बी, एच-फोर, एफ-वन, एल-वन, टुरिस्ट व्हिसा, या सगळ्या तात्पुरत्या व्हिसांवर आलेल्यांना फेडरल कायद्याने बंदूक किंवा गोळ्या जवळ बाळगायला मनाई आहे. राज्य कुठलंही असो. अपवाद आहेत, मुख्य म्हणजे ज्याच्याकडे शिकारीचं वैध लायसन्स आहे असा, बाकीच्यांसाठी 2022 पासून शिक्षा पंधरा वर्षांपर्यंत जाऊ शकते. आणि बाळगणं म्हणजे फक्त हातात धरणं नाही, ज्या कपाटाची किल्ली त्याच्याकडेही आहे त्यात ती असली तरी त्याच्या ताब्यात होती असं म्हटलं जाऊ शकतं. तुमच्या घरात असे दोघं आहेत, मेव्हणा आणि आई. म्हणून तुम्ही घेतलीच तर किल्ली किंवा कोड त्या दोघांना कधीही कळता कामा नये, मेव्हण्याला हौसेने रेंजवर नेऊन हातात देऊन फोटो काढायचे नाहीत, आणि सुट्टीत व्हेगसला जाऊन गोळ्या झाडणारी आपली जी नवी मुलं इन्स्टावर फोटो टाकतात त्यांना हे कोणीतरी सांगितलं पाहिजे, त्यांच्या ग्रीन कार्डच्या फाइलमध्ये हे कधी वर येईल सांगता येत नाही. बंदूक विकत घेताना दुकानात जो फॉर्म 4473 भरावा लागतो त्यात गांजाबद्दलही विचारतात, राज्यात कायदेशीर असला तरी फेडरल सरकारच्या लेखी तो नाही आणि फॉर्मवर खोटं लिहिणं हा आणखी वेगळा गुन्हा.

आईवरून आठवलं. रेंजवर जाणाऱ्यांची एक बॅग असते, तिच्या कप्प्यात एखादी गोळी राहते, सहा महिन्यांनी तीच बॅग घरातलं कोणीतरी भारतात जायला उचलतं. मुंबई-दिल्लीच्या विमानतळांवर एका काडतुसावरून आर्म्स ॲक्टची केस झालेले परदेशस्थ भारतीय बरेच आहेत, नकळत राहिली होती हे कोर्टात सिद्ध करेपर्यंत तारखा पडत राहतात. आणि नकळत राहणं किती कॉमन आहे बघा, 2023 या एका वर्षात अमेरिकेतल्या विमानतळांवर टीएसए या सुरक्षा यंत्रणेला प्रवाशांच्या हातातल्या सामानात 6,737 बंदुका सापडल्या, त्यातल्या नव्वद टक्क्यांहून जास्त भरलेल्या. बहुतेकांचं उत्तर एकच असतं, विसरलो. म्हणून बंदूक किंवा गोळ्या ज्या बॅगेत एकदा ठेवल्या ती बॅग परत कधीही प्रवासाला वापरायची नाही, हा नियम आजच करा.

पोलिसाने गाडी थांबवली तर काय, हेही विचार करून ठेवा. पेनसिल्व्हेनियात स्वतःहून सांगायची सक्ती नाही, न्यू जर्सीत आहे. हात स्टिअरिंगवर, आतला दिवा लावलेला, हालचाल करायच्या आधी बोलायचं. तरीही 2016 मध्ये मिनेसोटात पोलिसाने गाडी थांबवलेल्या फिलँडो कॅस्टिल या कृष्णवर्णीय माणसाने परवाना असताना, शांतपणे सांगितल्यावर, काही सेकंदांत गोळ्या खाल्ल्या आणि तो पोलीस पुढच्या वर्षी निर्दोष सुटला. सावळ्या रंगाच्या माणसाने हे जाणूनच निर्णय घ्यावा असं मला वाटतं.

आणि वहिनी. त्यांचा नकार तुम्ही "तिला कळत नाही" असा लिहिलाय, मला तसं वाटत नाही. त्यांनी मुलाचं नाव घेतलं आणि तुम्ही विषय बदललात असं तुमच्याच पत्रात आहे. पंधरा वर्षांचा मुलगा घरात आहे, दहावीत आहे, मित्र-मैत्रिणी, मार्क, कॉलेजचं टेन्शन. स्टॅनफर्डच्या संशोधकांनी कॅलिफोर्नियातल्या 2.6 कोटी लोकांच्या बारा वर्षांच्या नोंदी बघून 2020 मध्ये जो अभ्यास छापला त्यात हँडगन मालक असलेल्या पुरुषांचा स्वतःवर गोळी झाडून मृत्यू होण्याचा धोका आठपट होता आणि बायकांचा पस्तीसपट. 2023 मध्ये अमेरिकेत बंदुकीने सुमारे 46,700 माणसं गेली, त्यातल्या जवळजवळ 27,300 आत्महत्या. म्हणजे चोराने मारलेल्यांपेक्षा स्वतःच गेलेले खूप जास्त. वाईट रात्र प्रत्येक घरात कधीतरी येते, आणि बहुतेक वेळा ती निघून जाते, हाताशी बंदूक असली की निघून जायला वेळ मिळत नाही. तुमचा मुलगा तसा आहे असं मी म्हणत नाहीये. पण वहिनींना हीच भीती असेल तर तिला तुमच्या भीतीइतकाच मान द्या. तुम्ही स्वतः दोन महिने झोपलेला नाहीत असं लिहिलंय, तेही मी हलकं घेत नाही, डॉक्टरांना दाखवा, आणि एखाद्या रात्री फारच जड वाटलं तर 988 या मानसिक आधाराच्या हेल्पलाइनला फोन करा, तो चोवीस तास उचलतात.

माझं मत स्पष्ट सांगते. तुमच्या आत्ताच्या परिस्थितीत, म्हणजे ग्रीन कार्ड, न्यू जर्सीचं ऑफिस, घरात व्हिसावरची दोन माणसं आणि पंधरा वर्षांचा मुलगा, बाहेर बाळगायचा परवाना काढू नका असंच मी म्हणेन. रोज तो पूल ध्यानात ठेवून जगणं सोपं नाही, आणि एका विसरलेल्या सकाळची किंमत सगळं घर भरेल. घरात ठेवायची की नाही हा वेगळा प्रश्न आहे आणि तो फक्त वहिनींच्या होकाराने सुटेल. त्या हो म्हणाल्या तर आधी मेव्हणा वेगळा राहायला जाऊ दे आणि आई परत जाऊ दे, मग दोघांनी मिळून ट्रेनिंग घ्या, सक्ती नसली तरी, जमिनीला बोल्ट केलेली तिजोरी घ्या, गोळ्या वेगळ्या कुलपात, कोड फक्त दोघांना. परवाना म्हणजे झाडायची परवानगी नाही, कधी झाडता येते याचा कायदाही राज्याराज्यात वेगळा आहे, घरात एक आणि पार्किंग लॉटमध्ये दुसरा, तोही त्या ट्रेनिंगमध्ये नीट विचारून घ्या. नागरिकत्व मिळाल्यावर परत बसून विचार करा, तोपर्यंत कदाचित नियमही बदललेले असतील आणि तुमची झोपही परत आली असेल.

ज्या वाचकांनी आधीच पिस्तूल घेतलंय आणि राज्य बदलताय, त्यांनी सामान हलवायच्या आधी नव्या राज्याच्या स्टेट पोलिसांच्या वेबसाइटवर नियम बघावेत, मित्राने तीन वर्षांपूर्वी सांगितलेले नाहीत. विमानाने नेत असाल तर रिकामी, कडक कुलूपबंद पेटीत, चेक-इनच्या सामानात आणि काउंटरवर सांगून, आणि उतरणार त्या राज्याचा नियम आधी बघून.

तुम्ही लिहिलंय की दिवाळीच्या सुट्टीत बँकेचं काम करणार आहात. लॉकरला काही ठिकाणी वेटिंग लिस्ट असते, सुट्टीपर्यंत थांबू नका, या आठवड्यातच फोन करा, आणि वहिनींना बरोबर घेऊन जा, सोनं त्यांचं आहे.